गृहकर्ज शेवटी कितीला पडते? पायरीपायरीने पूर्ण हिशेब

कर्ज घेताना बहुतेकांचा पहिला प्रश्न असतो, हप्ता किती बसेल? तो विचारायलाच हवा, कारण महिन्याची ओढाताण झाली की पुढचे सगळेच बिघडते. पण हप्ता खाली आणायचा सर्वांत सोपा मार्ग म्हणजे मुदत वाढवणे, आणि कर्ज सर्वांत जास्त महाग होते ते त्यानेच. व्याज तीन गोष्टींवर ठरते: शिल्लक मुद्दल किती, दर किती, आणि ते मुद्दल किती महिने अंगावर राहते. दरासाठी लोक पाव टक्क्यावरून घासाघीस करतात. महिन्यांकडे मात्र फारसे कुणी पाहत नाही. हा सगळा लेख त्या महिन्यांबद्दल आहे.

उदाहरण शेवटपर्यंत एकच ठेवले आहे: कर्ज ५० लाख, व्याजदर वार्षिक ९ टक्के, मुदत २० वर्षे, हप्ता दरमहा. चलन कोणतेही धरा. कर्ज २५ लाखांचे असेल तर दर आणि मुदत तीच ठेवून सगळे आकडे निम्मे करा.

आधी हप्ता स्वतः काढा

वार्षिक दराला १२ ने भागा: ९ टक्क्यांचे महिन्याला ०.७५ टक्के, म्हणजे ०.००७५. आता १.००७५ ला स्वतःने २४० वेळा गुणल्यावर येणारी संख्या काढा (२४० वा घात). ती ६.००९१५ येते. कर्जावरचे एका महिन्याचे व्याज ५०,००,००० × ०.००७५ = ३७,५००. त्याला ६.००९१५ ने गुणा आणि त्यातून एक वजा करून आलेल्या ५.००९१५ ने भागा. उत्तर ४४,९८६. स्प्रेडशीटमधले पीएमटी फंक्शन हेच करते. त्याला मासिक दर, महिने आणि कर्ज एवढेच द्यायचे.

कर्ज देणाऱ्याने सांगितलेला हप्ता यापेक्षा शेपन्नासने जास्त असेल तर तो आकडे पूर्णांकात आणल्याचा फरक म्हणून सोडू नका. त्यामागे सहसा पुढीलपैकी एखादे कारण असते.

पहिले कारण, शिल्लक दरमहा कमी न धरता वर्षातून एकदाच कमी धरणे. तुम्ही दर महिन्याला मुद्दल फेडता, पण वर्ष संपेपर्यंत व्याज जुन्याच रकमेवर लागत राहते. आपल्या उदाहरणात या पद्धतीने हप्ता ४५,६४४ होतो. महिन्याला ६५८ चा फरक किरकोळ वाटतो. २० वर्षांत तो १ लाख ५८ हजारांच्या घरात जातो. म्हणून ‘व्याज घटत्या शिलकीवर आहे का’ एवढेच विचारून थांबू नका. ‘शिल्लक दररोज घटते, दरमहा की दरवर्षी’ हेही विचारा.

दुसरे कारण, विम्याचा हप्ता किंवा शुल्क कर्जातच मिळवलेले असणे. त्याचा हिशेब पुढे येतो.

तिसरा प्रकार उलट्या दिशेने फसवतो. सपाट, म्हणजे फ्लॅट दराने व्याज पूर्ण मुदतभर मूळ रकमेवरच आकारले जाते. ५० लाखांवर ५ टक्के सपाट दराने २० वर्षांचे व्याज ५० लाख होते आणि हप्ता ४१,६६७ बसतो. घटत्या शिलकीच्या भाषेत हाच दर सुमारे ७.९५ टक्के आहे. एकीकडे पाच टक्के सपाट आणि दुसरीकडे साडेसात टक्के घटत्या शिलकीवर, यांची तुलना करून पाच निवडणारा माणूस इथे महाग कर्ज घेऊन बसतो.

परतफेडीचा तक्ता मांडा

कर्ज समजून घ्यायचे तर हा तक्ता स्वतःच्या हाताने करावा. तयार छापील तक्ता वाचण्यात ती गोष्ट नाही. पाच रकाने करा: हप्त्याचा क्रमांक, महिन्याच्या सुरुवातीची शिल्लक, व्याज, मुद्दल, महिनाअखेरची शिल्लक. व्याज म्हणजे सुरुवातीची शिल्लक गुणिले ०.००७५. मुद्दल म्हणजे हप्ता वजा व्याज. अखेरची शिल्लक पुढच्या ओळीची सुरुवात होते. दोन ओळी हाताने लिहा, बाकीच्या २३८ खाली ओढून घ्या. २४० व्या ओळीत शिल्लक शून्याजवळ आली नाही तर कुठेतरी सूत्र चुकले आहे. बहुधा दराचा खाना खाली ओढताना सरकलेला असतो.

पहिल्या ओळीत ४४,९८६ पैकी ३७,५०० व्याजात गेलेले दिसतील आणि मुद्दल फक्त ७,४८६ ने उतरलेले. दुसऱ्या महिन्यात मुद्दलात ७,५४२ जातात. पाच वर्षांत एकूण २६ लाख ९९ हजार भरले जातात, त्यातले २१ लाख ३४ हजार व्याज. शिल्लक अजून ४४ लाख ३५ हजार! दहा वर्षे, म्हणजे अर्धी मुदत संपते तेव्हा मुद्दलाचा ७१ टक्के भाग बाकीच असतो. हप्त्यात व्याजापेक्षा मुद्दल जास्त जाऊ लागते ते १४९ व्या हप्त्यापासून, आणि कर्ज निम्मे होते चौदाव्या वर्षाच्या शेवटी.

यात कुणी लबाडी केलेली नसते. व्याज शिलकीवर लागते आणि सुरुवातीला शिलक मोठी असते, इतकेच. पण सातव्या-आठव्या वर्षी घर विकायचा विचार असेल तर ‘इतकी वर्षे भरले म्हणजे बरेच फिटले असेल’ हा अंदाज साफ चुकतो. विक्रीच्या पैशातून आधी हीच शिल्लक वजा होते.

एकूण भरणा १ कोटी ७ लाख ९७ हजार, त्यात व्याज ५७ लाख ९७ हजार. हा आकडा तक्त्याच्या डोक्यावर मोठ्या अक्षरात लिहून ठेवा. पुढचा प्रत्येक निर्णय त्याच्याशी ताडून पाहायचा आहे.

मुदत: थोडा हप्ता वाचतो, व्याज मात्र फुगते

कर्ज आणि दर तेच ठेवून फक्त मुदत बदलली तर असे चित्र दिसते:

१० वर्षे: हप्ता ६३,३३८, एकूण व्याज २६ लाख
१५ वर्षे: हप्ता ५०,७१३, एकूण व्याज ४१ लाख २८ हजार
२० वर्षे: हप्ता ४४,९८६, एकूण व्याज ५७ लाख ९७ हजार
२५ वर्षे: हप्ता ४१,९६०, एकूण व्याज ७५ लाख ८८ हजार
३० वर्षे: हप्ता ४०,२३१, एकूण व्याज ९४ लाख ८३ हजार

दहावरून पंधरा वर्षांवर गेल्यास हप्ता साडेबारा हजारांनी उतरतो. पंचविसावरून तिसावर गेल्यास जेमतेम १,७२९ ने, आणि त्या १,७२९ साठी जवळपास १९ लाख व्याज जास्त जाते. असे का होते ते पहिल्याच ओळीत आहे: महिन्याचे व्याजच ३७,५०० आहे, त्यामुळे मुदत शंभर वर्षे केली तरी हप्ता त्याखाली उतरूच शकत नाही. मुदत वाढेल तसा हप्ता या तळाला चिकटत जातो. म्हणून मंजुरीच्या वेळी ‘बसत नाही, मुदत वाढवून देतो’ असे कुणी म्हणाले, की आपला हप्ता तळापासून किती वर आहे ते आधी पाहा. तो अगदी जवळ असेल तर मुदत वाढवून काहीच हाती लागत नाही. तिथे कर्जाची रक्कमच कमी करायला हवी.

लांब मुदतीच्या बाजूने एक खरा मुद्दा आहे. उत्पन्न अनियमित असेल तर सक्तीचा हप्ता लहान असणे हे संरक्षण असते. अशा वेळी २५ वर्षांची मुदत घेऊन १५ वर्षांच्या हिशेबाने भरणे हा शहाणा मार्ग आहे, फक्त जादा भरणा विनादंड चालतो हे करारात लिहिलेले असले पाहिजे.

दर बदलला की काय होते: इथेच सर्वांत मोठे नुकसान होते

बदलत्या दराच्या कर्जात दर दोन तुकड्यांचा असतो: एक बाहेरचा संदर्भ दर (कर्ज देणारा स्वतः ठरवत नाही असा, ज्याच्याबरोबर कर्जाचा दर वरखाली होतो) आणि त्यावर लावलेली वाढ. करारात चार गोष्टी शोधा. संदर्भ दर कोणता, वाढ किती, ही वाढ मध्येच बदलण्याचा हक्क कुणाला आणि कशामुळे, आणि दर किती महिन्यांनी नव्याने ठरतो. ‘ग्राहकाच्या पतदर्जानुसार’ असे मोघम वाक्य असेल तर त्याचा नेमका अर्थ लेखी मागा.

आता दर वाढल्यावर काय होते ते पाहू. समजा दोन वर्षे सुरळीत गेली. शिल्लक ४८ लाख ४ हजार आहे, २१६ हप्ते उरले आहेत आणि दर ९ चा १० टक्के झाला. दोन वाटा असतात.

हप्ता वाढवला तर तो ४८,०३२ होतो, म्हणजे महिन्याला ३,०४६ जास्त. मुदत तीच राहते आणि एकूण जादा भरणा ६ लाख ५८ हजार होतो.

हप्ता तोच ठेवला तर मुदत २१६ वरून २६६ महिन्यांवर जाते. जादा भरणा २२ लाख ४० हजारांच्या आसपास होतो.

दरवाढ तीच, खर्चात साडेतीन पटींचा फरक. आणि अनेक ठिकाणी काहीच न कळवल्यास दुसरी वाट आपोआप लागू होते, कारण हप्ता न बदलल्यामुळे ग्राहकाला काही जाणवतच नाही. दर साडेदहा झाला तर त्याच हप्त्यात मुदत २१६ ची ३१३ होते. आणि सव्वाअकरा झाला तर महिन्याचे व्याजच ४५,०३७ होते, म्हणजे ४४,९८६ चा हप्ता भरूनही कर्ज वाढत जाते. नियमित हप्ते भरणाऱ्याची शिल्लक वाढू शकते हे पुष्कळांना पटत नाही. तक्त्यात दराच्या जागी ११.२५ टाका, लगेच दिसेल.

म्हणून दरबदलाची सूचना आली की त्याच आठवड्यात तीन आकडे लेखी मागा: नवी शिल्लक, नवा हप्ता आणि उरलेले हप्ते. ‘उरलेले हप्ते’ हा आकडा वाढलेला असेल आणि जादा भार झेपत असेल तर हप्ता वाढवून मागा. पूर्ण वाढ झेपत नसेल तर निम्मी तरी घ्या. उलट दर उतरला तर हप्ता तोच राहू द्या. मुदत आपोआप आखडते.

हे नियम देशागणिक फार वेगळे आहेत. अमेरिकेत ३० वर्षे एकच स्थिर दर सर्रास मिळतो, तिथे वरची चिंता उरत नाही. ब्रिटनमध्ये दर बहुधा दोन किंवा पाच वर्षे स्थिर असतो आणि त्यानंतर काही न केल्यास कर्ज देणाऱ्याच्या चढ्या बदलत्या दरावर ढकलले जाते. स्थिर काळ संपण्याची तारीख तिथे सर्वांत महत्त्वाची. कॅनडात स्थिर दराच्या गृहकर्जाचे व्याज सहामाही चक्रवाढीने मोजतात, त्यामुळे वरचे सूत्र तसेच्या तसे चालत नाही. भारतात ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाहेरच्या संदर्भ दराला जोडावी लागतात. हप्ता वाढवायचा की मुदत, हा पर्याय दर नव्याने ठरताना कर्जदाराला द्यावा, असा रिझर्व्ह बँकेचा २०२३ चा आदेशही आहे.

दरात न दिसणारे खर्च

यादी करताना प्रत्येक खर्चापुढे ‘एकदाच’, ‘दरवर्षी’ की ‘काही घडल्यास’ असे लिहा.

एकदाचे: अर्जाचे आणि प्रक्रियेचे शुल्क, मालमत्तेचे मूल्यांकन, मालकीहक्काची कायदेशीर तपासणी, गहाणखताची नोंदणी आणि त्यावरचा कर. दरवर्षीचे: घराचा विमा, कर्जाला जोडलेला जीवनविमा, आणि घरासाठी स्वतःच्या खिशातून भरलेली रक्कम कमी असल्यास काही देशांत कर्ज देणाऱ्याच्या संरक्षणासाठी घ्यावा लागणारा विमा. हा शेवटचा विमा कर्जदार भरतो पण फायदा कर्ज देणाऱ्याला होतो, म्हणून तो कधी बंद होईल ते पहिल्या दिवशीच विचारा. अमेरिकेत नियमित हप्ते भरणाऱ्याला शिल्लक घराच्या मूळ किमतीच्या ८० टक्क्यांवर आल्यावर तो बंद करण्याची मागणी करता येते; ७८ टक्क्यांवर तो आपोआप थांबावा लागतो. काही घडल्यास: हप्ता चुकल्याचा दंड, मुदतीआधी फेडण्याचा दंड, दराचा प्रकार बदलण्याचे शुल्क, दाखल्यांच्या प्रतींचे पैसे.

यातला सर्वांत महाग प्रकार म्हणजे खर्च कर्जातच मिळवणे. दीड लाखाचा एकरकमी विमा कर्जात टाकला की त्यावर २० वर्षे व्याज चढते आणि तो ३ लाख २४ हजारांना पडतो. विमा हवा असेल तर जरूर घ्या, पण वेगळा घ्या आणि पैसे रोख भरा. बाजारात तसेच संरक्षण कितीला मिळते हेही आधी पाहा.

दोन प्रस्तावांची तुलना करायची तर शुल्कासह प्रत्यक्ष दर काढा. ५० लाखांवर एक टक्का शुल्क, म्हणजे हातात ४९ लाख ५० हजार आले पण हप्ता ५० लाखांचाच. स्प्रेडशीटमधल्या रेट फंक्शनला २४० महिने, ४४,९८६ हप्ता आणि ४९,५०,००० रक्कम द्या. आलेल्या मासिक दराला १२ ने गुणा. उत्तर ९.१४ टक्क्यांच्या आसपास येते. हेच कर्ज पाच वर्षांत बंद केले तर तोच खर्च ६० महिन्यांवर पसरतो आणि दर ९.२६ च्या जवळ जातो. म्हणजे घर लवकर विकण्याची शक्यता असेल तर शुल्क कमी आणि दर किंचित जास्त असलेला प्रस्तावही स्वस्त ठरू शकतो.

घर बांधकामाधीन असेल तर आणखी एक खड्डा असतो. ताबा मिळेपर्यंत दिलेल्या रकमेवर फक्त व्याज घेतले जाते, मुद्दल एका पैशानेही उतरत नाही. सरासरी ३० लाख दिलेले असताना दोन वर्षे अशी गेली तर ५ लाख ४० हजार भरले जातात आणि तक्त्याची पहिली ओळ अजून सुरूही झालेली नसते. बांधकाम रखडले की ही रक्कम वाढत राहते. पहिल्या दिवसापासून पूर्ण हप्ता भरण्याचा पर्याय मिळत असेल आणि झेपत असेल तर तो घ्यावा.

आगाऊ परतफेड: कधी केली याला किंमत आहे

दोन लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर पहिल्या वर्षाच्या शेवटी भरल्यास साडेबावीस महिने कमी होतात आणि सुमारे ८ लाख १२ हजार व्याज वाचते. दहाव्या वर्षाच्या शेवटी त्याच दोन लाखांनी २ लाख ७० हजारांच्या आसपास वाचतात. पंधराव्याच्या शेवटी जेमतेम १ लाख ६ हजार. रक्कम तीच असते, फक्त तिला काम करायला मिळणारे महिने कमी होत जातात.

एकदम मोठी रक्कम जमत नसेल तर दर वर्षाच्या शेवटी एक हप्ता जास्त भरा. वीस वर्षांचे कर्ज साडेसोळा वर्षांत आटोपते आणि ११ लाखांहून जास्त व्याज वाचते.

प्रत्यक्षात चुका होतात त्या भरताना. जादा रक्कम नुसती खात्यात टाकली तर ती पुढच्या हप्त्यापोटी आगाऊ जमा म्हणून पडून राहू शकते. ‘ही रक्कम मुद्दलात वळती करावी, हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी’ असे लेखी द्या आणि नवा तक्ता मागून घ्या. मुदत कमी न करता हप्ता कमी केला गेला, तर मिळणारा फायदा बराचसा विरघळतो. भरणा कोणत्या तारखेपासून धरला आहे तेही तपासा. काही ठिकाणी महिनाअखेरीसच नोंद होते. स्थिर दराच्या कर्जात दंडाचे कलम आधी वाचा, अनेकदा वर्षाला ठरावीक टक्क्यांपर्यंतचा भरणा विनादंड असतो.

पण सगळी बचत कर्जात ओतू नका. मुद्दलात गेलेला पैसा अडचणीच्या दिवशी परत मिळत नाही. सहा महिन्यांचे हप्ते आणि घरखर्च बाजूला असल्याशिवाय, आणि कार्डाचे किंवा वैयक्तिक कर्जाचे महाग देणे फेडल्याशिवाय जादा भरणा सुरू करू नये. व्याजावर करसवलत मिळत असेल तर खरा दर ती वजा करून धरा. आगाऊ परतफेडीने मिळणारा खात्रीचा परतावा तेवढाच असतो.

कर्ज दुसरीकडे नेताना

पाच वर्षांनी शिल्लक ४४ लाख ३५ हजार असताना दुसरीकडे साडेआठ टक्के मिळाले. उरलेली मुदत १८० महिनेच ठेवली तर हप्ता ४३,६७७ होतो, महिन्याला १,३१० वाचतात. बदलाचा सगळा खर्च ४० हजार असेल तर तो ३१ महिन्यांत वसूल होतो आणि त्यानंतरचा फायदा आपला.

पण नव्या ठिकाणी अर्जात मुदत पुन्हा २० वर्षे लिहिली जाते. हप्ता ३८,४९१ वर उतरतो आणि साडेसहा हजारांची बचत डोळ्यात भरते. आता बेरीज करा: जुन्या कर्जाचे उरलेले १८० हप्ते म्हणजे ८० लाख ९८ हजार, नव्याचे २४० म्हणजे ९२ लाख ३८ हजार. दर अर्ध्या टक्क्याने उतरूनही ११ लाख ४० हजार जास्त गेले. त्यामुळे तुलना नेहमी उरलेल्या मुदतीवरच करायची. शिवाय आधी सध्याच्याच ठिकाणी दर कमी करून मागा. थोड्या शुल्कात तेच काम झाले तर गहाणखत आणि मूल्यांकनाचा खर्च टळतो.

महागाई आणि कर्जाबाहेरचा खर्च

महागाई कर्जदाराच्या बाजूने असते. ती सरासरी ५ टक्के राहिली तर विसाव्या वर्षी भरलेल्या ४४,९८६ ची आजच्या पैशातली किंमत सुमारे १७ हजार असते. त्यामुळे ५७ लाख ९७ हजार व्याजाचा आकडा आजच्या पैशात तितका मोठा नाही, हे मान्य केले पाहिजे. मात्र हा दिलासा उत्पन्न महागाईबरोबर वाढले तरच खरा, आणि त्या काळात दरही वाढण्याची शक्यता असते. दुसरीकडे मालमत्ता कर, देखभाल आणि दुरुस्ती हे खर्च महागाईबरोबर वाढत जातात आणि कर्ज फिटल्यावरही चालू राहतात. हप्ता झेपतो का हे ठरवताना ते त्यात मिळवूनच पाहा.

शेवटचा हप्ता भरल्यानंतर

कर्ज आपोआप बंद होते असे धरू नका. शेवटची रक्कम किती ते त्या तारखेच्या व्याजासह लेखी घ्या, कारण चिल्लर शिल्लक राहिली तरी खाते उघडे राहते आणि त्यावर शुल्क चढते. त्यानंतर देणे नसल्याचा दाखला घ्या आणि कर्ज घेताना दिलेल्या मूळ कागदांच्या यादीशी एकेक कागद पडताळून ताब्यात घ्या. ती यादी सही-शिक्क्यासह पहिल्या दिवशीच जपून ठेवलेली असावी. मालमत्तेच्या नोंदीवरचा बोजा उतरवून त्याचा उतारा काढा. जोडलेला विमा मुदतीआधी बंद होत असेल तर न वापरलेल्या काळाचा परतावा मागा. महिना-दोन महिन्यांनी पतअहवालात खाते ‘बंद’ दिसते का ते पाहा, आणि खात्यातून आपोआप हप्ता कापण्याची सूचना बँकेत जाऊन रद्द करा.